तीस तारखेपर्यंत बंगला

४ जून
सोळा वर्षं बिशप होतो. निवृत्त होऊन चार दिवस झाले नाहीत, तोच धर्मप्रांताच्या मालमत्ता सचिवाची चिठ्ठी — 'तीस तारखेपर्यंत बंगला रिकामा करावा.' करावा! हिच्या गुडघ्याचं ऑपरेशन पंचवीसला. मग काय, पाच दिवसांनी हिला खुर्चीसकट उचलून न्यायचं? त्या सचिवाला त्या खुर्चीत बसवलं कुणी? मीच.

६ जून
अर्ज केला. मी, अर्ज! फक्त एक महिना मागितलाय.

९ जून
उत्तर नाही.
अगदी खालच्या पायरीवर, डीकन होतो तेव्हा सायकलवर तीन चर्च सांभाळली. मग पाळक, मग पाळकांवरचा आर्चडीकन, मग बिशप. सगळ्या अँग्लिकन धर्मप्रांताला ठाऊक आहे, माझ्या टेबलावरचं एकही पत्र कधी न वाचता गेलं नाही. वाचलं की कोपऱ्यात हिरव्या शाईची खूण, हा माझा शिरस्ता. आणि ह्यांना माझ्या चार ओळी वाचायला सवड नाही. जेवताना हिच्यावरच ओरडलो. ती म्हणाली, "गार होतंय. आधी जेवा."

१२ जून
शेवटी फोन केला. सचिवाच्या तोंडात साखर — "साहेब, नियम सगळ्यांना सारखा. नवे बिशप एक तारखेला येतायत." मला नियम शिकवतो! घरांच्या नियमांची ती वही आर्चडीकन असताना मीच लिहिली. फोन असा आपटला की रिसीव्हरला तडा गेला.

१३ जून
निरोपाच्या उपासनेत मी माझी बिशपपदाची काठी वेदीवर ठेवली तेव्हा ह्याच लोकांचे डोळे भरून आले होते. 'आमचे मेंढपाळ' म्हणत होते. काठी हातातून गेली आणि मेंढपाळ कोण, कुठला. डोक्यात तिडीक जाते नुसती.

१५ जून
अकरा खोकी भरली. कंबर गेली. ही म्हणते, रागाने भरलेली खोकी नीट बंद होत नाहीत. खरंच, तीन फाटली.

१७ जून
आर्चडीकन असतानाच्या फायली फाडायला घेतल्या. त्यात एका पाळकाच्या विधवेचं पत्र निघालं. नवरा जाऊन पंधरा दिवस झालेले, आणि चर्चचं घर सोडायची नोटीस. 'मुलीची परीक्षा होईपर्यंत फक्त एक महिना राहू द्यावं, ही विनंती.' सुबक अक्षर, कुठे खाडाखोड नाही.
कोपऱ्यात हिरवी खूण. खाली माझं अक्षर — 'नियम सर्वांना सारखा. उत्तराची गरज नाही.'
दुपारभर आठवून पाहिलं. बाईंचा चेहराच डोळ्यांसमोर येत नाही.

१८ जून
हिला पत्र दाखवलं. तिने चष्मासुद्धा लावला नाही. म्हणाली, "दोन दिवस येऊन बसल्या होत्या त्या, आपल्या व्हरांड्यात. चहा मीच नेऊन दिला. तुम्ही आत होतात."