आम्पारो गप्प असते तेव्हा

६ जानेवारी, सोमवार
दिवसभर स्टुडिओत जाहिराती बोलले. रिक्षावर फिरवायच्या — शालिमारजवळचा साड्यांचा सेल, द्राक्षांची औषधं, कुण्या दादाचा वाढदिवस. संध्याकाळी घशात काटे. घरी सासूबाई, "अगं मोठ्यानं बोल, ऐकू नाय येत!" म्हणजे भाजी कसली, हेसुद्धा ओरडून!

त्यात निवृत्ती सरांचा फोन. त्यांच्या फिल्म क्लबात मुका सिनेमा दाखवणार आहेत, स्पेनच्या एका नटीचा. पडद्याशेजारी उभं राहून मी तिची गोष्ट मराठीतून बोलायची. मला नाही म्हणता येत नाही. हो म्हटलं.

१० जानेवारी
सिनेमा पाहिला. नटीचं नाव आम्पारो रिबेस. शंभर वर्षांपूर्वीची, बार्सिलोनाची. तीनेक वर्षं कामं केली, इटलीपर्यंत गेली आणि एकदम गायब. एवढा एकच सिनेमा उरलाय. सर हळहळतात — "काय अन्याय झाला असेल बिचारीवर! नवऱ्याने काम बंद केलं असणार."

असेलही. डोळ्यांखालचं काळं पावडरीतूनही दिसतं. पण बाई नुसती उभी राहते, ओठ मिटून, आणि सगळं कळतं. मला हेवा वाटला. एक शब्द बोलायला नको!

१३ जानेवारी
घशाच्या डॉक्टरांनी कॅमेरा घालून पाहिलं. गाठ आहे. साधीच, पण काढावी लागेल. "तोवर गप्प बसा."

सुनीलने विचारलं, "आवाज परत येईल ना?"

"बहुतेक."

बहुतेक! नवरा ओझरच्या कारखान्यात कंत्राटावर, काम कधी असतं कधी नसतं. घर माझ्या आवाजावर चालतं. मला भीती वाटली, फार भीती वाटली. स्टुडिओवाला राजू म्हणाला, "ताई, तेवढं सेलचं करून टाका ना आधी." केलं.

१८ जानेवारी, शनिवार
आज शो. सुनील नको म्हणत होता, तरी गेले. सरांना शब्द दिला होता. सगळं नीट चाललं होतं. शेवटाकडे आम्पारो नदीकाठी मरते. "तिने डोळे मिटले आणि" — इथवर आले, श्वास घेतला आणि तोंडातून आपोआप निघालं, "आजच भेट द्या, शालिमारजवळ!"

हॉल हसून लोटपोट. सरांचा चेहरा पडला. पुढे बोलायला गेले तर नुसती हवा. उरलेला सिनेमा मुकाच गेला.

रिक्षात रडले. इतक्या वर्षांत स्वतःचं म्हणून एक वाक्य राहिलं नाही माझ्या घशात.

२२ जानेवारी
ऑपरेशन झालं. आठवडाभर बोलायचं नाही.

२५ जानेवारी
सासूबाई खुणांनी बोलतात. सगळं समजतं त्यांना! उगाच ओरडत होते मी. सुनील चहा करून देतो, कपबशीसुद्धा विसळतो. दुपारी झोपले. कधी झोपले होते अशी, आठवत नाही.

मग राजूचा मेसेज. "ताई, लवकर बऱ्या व्हा. निवडणुकीचं काम येतंय. रात्रंदिवस रेकॉर्डिंग."

फोन उलटा करून ठेवला. गाठ कळली तेव्हाही एवढी घाबरले नव्हते.

आम्पारोबद्दल सर म्हणतात, कुणीतरी बंद केलं. सगळ्यांना असंच का वाटतं? दमली असेल बाई. बस, दमली असेल.

२९ जानेवारी, बुधवार
सकाळी बाथरूममध्ये नळ सोडून हळूच स्वतःचं नाव म्हणून पाहिलं, "मीना." आवाज स्वच्छ आला! आधीपेक्षा गोड.

दुपारी डॉक्टर म्हणाले, "बोला आता. येतोय आवाज?" सुनील माझ्या तोंडाकडे बघत होता.

मी तोंड उघडलं. मिटलं. आणि मान हलवली — नाही.