चुकून दिवंगत

२ सप्टेंबर
नोकरी लागली! आणि तीही माझ्याच जुन्या कॉलेजात, माजी विद्यार्थी कक्षात. नामावली अद्ययावत करायची, वार्षिक अंक काढायचा. खोली ग्रंथालयामागे, खिडकी ऐसपैस. पंखा तेवढा सारखा कण्हतो. हेडक्लार्कबाई फटकळ, पण मनाच्या चांगल्या. नामावलीत दादाचं नाव सापडलं. तोही इथलाच. चार वर्षांपूर्वी तलावात बुडाला. नावापुढे ‘दिवंगत’. बराच वेळ त्यावर बोट ठेवून बसले.

५ सप्टेंबर
बाईंनी इथली रीत सांगितली. जिवंत माणूस नामावलीत मेलेला छापला गेला, तर पत्राने दुरुस्ती होत नाही. त्याने जातीने येऊन सही करायची, मग अंकात ‘चुकून दिवंगत’ या सदरात नाव येतं. मला हसू आवरेना. आणि दुपारी बाई जेवायला गेल्या असताना एक म्हातारे गृहस्थ आलेच! सही घेतली. आता शंभरी गाठणार बघा, असं मी म्हटलं. ते हसले नाहीत. पेन परत घेताना हात लागला, पुसलेल्या ओट्यासारखा गार.

१२ सप्टेंबर
आणखी तिघे येऊन गेले, नेमके बाई नसताना. अंक टपालात पडला. जिवात जीव आला.

१८ सप्टेंबर
त्या गृहस्थांच्या मुलीचा फोन. बाबांना जाऊन नऊ वर्षं झाली, म्हणाली. आता घरी येऊन बसलेत. जेवत नाहीत, झोपत नाहीत. आई त्यांचा हात सोडत नाही, तिनेही अन्न टाकलंय. परत न्या म्हणून रडत होती.
बाई पांढऱ्याफटक पडल्या. सहीच्या वेळी ओळखणारा साक्षीदार लागतो, हे सांगायचं राहून गेलं म्हणाल्या. आता उपाय एकच. रक्ताच्या माणसाने अंकातल्या त्या नावापुढे स्वतःच्या हाताने ‘दिवंगत’ लिहायचं. मुलीला कळवलं. तिच्याच्याने लिहवत नाही.

२३ सप्टेंबर
दादा आला. कपडे ओले.
मला सगळं कळत होतं. तरी रजिस्टर पुढे केलं. साक्षीदार म्हणून मीच सही केली. दादा होता तो. माझा दादा.
पुरवणी छापून धाडली. बाईंना विचारलंही नाही.

३० सप्टेंबर
आईचा फोन. आनंदाने वेडी झालीय. वहिनी लेकराला घेऊन माहेरी पळाली, तिला आई दगडाच्या काळजाची म्हणते. जेवलीस का विचारलं. भूक नाही म्हणाली.

४ ऑक्टोबर
घरी आले. आईची नुसती हाडं राहिलीत. गादी ओलीचिंब, आणि तिच्या हातात त्याचा हात.
त्या मुलीची आई गेली. गृहस्थ अजून बसलेत — आता मुलीजवळ.

६ ऑक्टोबर
मलाच लिहावं लागणार. आई म्हणते, तो गेला तर मीही — आणि नाही लिहिलं तरी —

दुपार
पुरवणी उघडून बसलेय. तो समोर. विचारतो, मी नकोसा झालो का गं.
नाही रे. नाही —

एकच शब्द लिहायचाय. आईचा श्वास ऐकू येईना झालाय. उठून बघायला हवं —
त्याने माझा डावा हात धरलाय. किती बरं वाटतंय. सकाळपासून पोटात काही नाही, आणि भूकच —