थोरलीनं हात धरला

धाकट्या चंद्राची द्वितीया

आजही नाही! पाण्याखाली दम संपेपर्यंत थोरलीच्या तोंडांपुढे हात धरून बसलो आणि ती ढिम्म. शेजारी सासऱ्यांनी नुसता पंजा पुढे केला, तर सगळा खडक त्यांच्याकडे वळला. जांभळी तोंडं उघडली, मनगटापर्यंत हात आत घेतला, लहान पोर बोट चोखतं तसा. मग चीक पाझरला. त्यांची पिशवी गच्च भरली. माझ्या पिशवीत खारं पाणी.

किनाऱ्यावर सासूबाई उभ्याच होत्या. "काय जावईबापू, आज तरी ओळख दिली का माझ्या सवतीनं?"

इथे सगळेच त्या खडकाला थोरली म्हणतात. पण सासूबाई म्हणतात तेव्हा त्यात जरा मीठ जास्त असतं.

चतुर्थी

केल्मा म्हणते, धीर धर. बायकोनं धीर धर म्हणणं सोपं असतं! दोन्ही चंद्रांच्या पौर्णिमा एकाच दिवशी आल्या, की त्या भरतीला थोरली कूस बदलणार. तेव्हा ज्या घराचा हात तिच्या तोंडात असेल त्या घराच्या पाण्यात ती राहते. हात नसेल तर तिथून उठून पुढे सरकते, आणि त्या घरानं बाडबिस्तरा उचलायचा. चीक नाही तर खायचं काय?

आमच्या घराचा हात म्हणजे सासरे. ओर्दावमामा म्हातारे झालेत. भरतीला तिच्याजवळ फार वेळ खाली राहावं लागतं.

केल्माला जाता येत नाही. थोरलीनं ज्याचा हात धरला, त्याच्या पोटच्या पोरांना ती कधी धरत नाही. म्हणून तर इथल्या मुलींना आमच्या डोंगरातले नवरे करतात – छाती मोठी, दम मोठा. केल्मा म्हणाली, "नाहीतर तुला कोण आणतंय!" आणि माझ्या ताटात खरवसाची मोठी वडी टाकली.

पंचमी

सासऱ्यांना आज दोरीनं ओढून वर घ्यावं लागलं. नाकातून रक्त. जेवण अळणी झालं होतं, सगळ्यांनी तसंच गिळलं.

अष्टमी

हट्टी म्हातारा! आज पुन्हा होडीत हजर. खाली गेल्यावर मी बघत होतो. तिच्या तोंडात हात देऊन ते बोटं हलवत राहतात, आणि ती हळूच रंग पालटते. जांभळी, मग पिवळसर. वर आल्यावर विचारलं, "मामा, काय बोलता हो तिच्याशी?"

"घरचंच. तुझ्या सासूची गाऱ्हाणी."

"आणि ती?"

"ऐकते. तुझ्या सासूपेक्षा बरं ऐकते."

मग खोकला आला. थांबेचना. मी पाठ चोळली. हाडं लागतात हाताला. मला हा माणूस फार आवडतो – हे त्यांना कधी सांगणार नाही, डोक्यावर बसतील. भरतीला ते खाली गेले तर वर येणार नाहीत, हे मला कळतं. त्यांनाही कळतं.

द्वादशी

धरला! धरला! धरला!

नीट लिहितो. आज घाईत नेहमीसारखी घरून तयारी करून निघालो नव्हतो. तेव्हा होडीतच राख काढली आणि हात घासायला बसलो. सासरे म्हणाले, "हे काय चाललंय?"

"हात धुतोय."

"रोज धुतोस?"

म्हटलं, मग! डोंगरात थोरांपुढे खरकट्या हातानं कुणी जात नाही. मी तर पहिल्या दिवसापासून राखेनं घासून, नखं कोरून, मगच बुडी मारतोय. केवढा तो आदर!

म्हातारा इतका हसला की होडी डुलायला लागली. "अरे गाढवा! तिला डोळे आहेत का? ती घर चाखते! धुतलेला हात म्हणजे तिला दगड!"

हसून झालं. मग बराच वेळ पाण्याकडे बघत राहिले. मला वाटलं, वारा बघतायत. मग त्यांनी फडकं सोडलं. शेवाळाची भाकरी, सासूबाईंनी आंबवलेला मासा. आपल्या हातानं कालवलं आणि मला घास भरवला. एवढ्या मोठ्या जावयाला! उरलेलं माझ्या तळहाताला चोळलं. "जा. उष्ट्या हातानं जा."

गेलो. आधी गार ओठ लागले, मग ऊब. सगळ्या खडकातून एक शहारा गेला, आणि तिनं माझा हात धरला. मी पाण्यातच हसलो. नाकातोंडात पाणी!

सासूबाईंनी माझी दृष्ट काढली. केल्मा मात्र गळ्यात पडून रडली. आनंदानं, असं मला वाटलं.

दोन्ही पौर्णिमा

भरती झाली. मीच होतो खाली. सासऱ्यांनी होडी सांभाळली. डोंगर कुशीवर वळावा तशी थोरली वळली, पण हात सोडला नाही. राहिली आमच्या पाण्यात! दंड दुखतोय. लिहवत नाही.

वद्य प्रतिपदा

सकाळी सासरे खाली गेले. मी मागोमाग. त्यांनी पंजा पुढे केला. एकही तोंड वळलं नाही.

एका घरचा ती एकच हात धरते; नवा धरला की जुना कायमचा सुटला. सगळ्यांना ठाऊक होतं. सासूबाईंना, केल्माला, त्यांना तर होतंच. नव्या जावयाला तेवढं कुणी सांगत नाही. सांगितलं तर एखादा सासऱ्याकडे बघून मागे फिरतो.

होडीत बसून अंग पुसता पुसता म्हणाले, "उद्या जाशील तेव्हा तिला सांग, म्हातारा बरा आहे."