वेलीपलीकडचं हसणं

टेंभुर्णी (जि. जालना), रविवार, २३ नोव्हेंबर

द्राक्षांची गावं आणि जुन्या गढ्या दाखवणारी एका दिवसाची सहल, आज बायकोला, ताराला, घेऊन केली. ऑपरेशन झाल्यापासून ती हसलेलीच नाही. डॉक्टर म्हणतात, तब्येत बराबर आहे. पण माझ्या कानांना घर मुकं लागतं, त्याचं काय?

सकाळी गढीपाशी ती बसमधून उतरलीच नाही. "तुम्ही या पाहून." एकटाच बुरूज चढलो. पुढं वाइनरीत वाइनही एकट्यानंच चाखली. आंबट लागली. वाटलं, उगाच आणलं हिला.

मंग द्राक्षबाग आली. आज माझी खताची दुकानं आहेत, पण तरुणपणी अशाच बागेत रोजानं फवारायला जायचो. मोरचुदानं सदरा निळा व्हायचा. ओळीपलीकडं बाया घड विरळायच्या. त्यांतली एक हसली आणि माझ्या हातातला पंप थांबला. तोंड नंतर पाहिलं, हसणं आधी ऐकलं.

आजही मी ओळीच्या अलीकडं होतो; तारा बसमध्येच बसली असंल, असं धरून. पलीकडून गाइड पोरगी ओरडली, "आजी, घड तोडू नका!"

"तोडत न्हाई माय, विरळून राह्यले. लई दाटलाय. हातच ऐकंना माझा!"

ताराच! पानांमुळं दिसली नाही. हिरवे मणी मातीत टपटप पडल्याचं ऐकू आलं, आणि मागोमाग हसणं. तेच. मी बिलकुल हललो नाही.

परतताना बसमध्ये म्हणाली, "अहो, ती गढी राह्यली की माझी."

जालना यायच्या आत गाइडला पुढच्या रविवारच्या दोन जागा सांगून टाकल्या.