कांस्यपदक विजेत्या श्रीमती हटवार

३ सप्टेंबर
भुपेंद्रचा पुण्याहून फोन. पुन्हा तेच. आई, तू पवनीत एकटी राहू नकोस, ते घर काढून टाकू, इकडे ये. मी न्हाणीघरात पडले ही बातमी त्याला कोणी दिली ते मला ठाऊक आहे. कुंताबाई भांडी कमी घासते आणि बातम्या जास्त पुरवते. मुळात मी पडलेच नाही. अचानक बसले.
वाद झाला. शेवटी चिडून म्हणाला, सलग पाच किलोमीटर चालून दाखव, पुण्याचं नाव काढणार नाही. मी म्हटलं, शब्द फिरवू नकोस. ‘नाही फिरवणार,’ म्हणाला आणि फोन ठेवला. पोरांना फोन ठेवायची रीतसुद्धा राहिलेली नाही.

४ सप्टेंबर, सकाळी
पेपरात बातमी. आशियाई देशांतल्या ज्येष्ठांची मैदानी स्पर्धा, नोव्हेंबरात, कोईम्बतूरला. सत्तरीवरच्या महिलांसाठी चालण्याची शर्यत. अंतर पाच किलोमीटर!
गल्लीत चालले तर भुपेंद्र म्हणेल, रिक्षा केली असशील. राष्ट्रांसमोर चालले तर काय म्हणेल?
संकल्प : पहाटे पाचला उठणे. तळलेलं बंद.

५ सप्टेंबर, सकाळी पावणेनऊ
उठले. कुंताबाईने भजी केली होती. मी सांगितलेलं नव्हतं, पण केलेल्या अन्नाचा अपमान करायचा नाही हे कॉन्व्हेंटमध्ये शिकवलं होतं.

२१ सप्टेंबर
नागपूरला निवड चाचणी. सत्तरीवरच्या महिलांत मी एकटीच आले होते, त्यामुळे न चालवताच माझं नाव पुढे गेलं. खुर्चीवरून उठले तेव्हाच त्यांनी ओळखलं असणार.
भुपेंद्रला कळवलं. फोन मध्येच तुटला. नेटवर्क.

२८ सप्टेंबर
तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, सराव. आमच्या सिस्टर अ‍ॅगथा डोक्यावर पुस्तक ठेवून आम्हाला चालायला लावत. या गावात एकालाही चालता येत नाही. सगळे नुसते जातात. मी डोक्यावर डिक्शनरी ठेवून निघाले. दोनदा पडली. डिक्शनरी.
शेजारचे पुंडलिकराव पाळीवर दात घासत बसले होते. रिटायर्ड एसटी कंडक्टर. म्हणाले, ‘मॅडम, तुमचा डावा गुडघा वाकूनच राहिला ना! डॉक्टरले दाखवा एकदा.’ मी म्हटलं, पुंडलिकराव, तुम्ही घंटी मारा. तर म्हणाले, ‘मी त मारीन, पन गाडी निंगली पायजे ना.’
घरी येऊन नियम वाचले. इंग्रजीत आहेत, म्हणजे या गल्लीत ते फक्त मलाच समजणार. एक : एक पाय कायम जमिनीवर हवा. हे सोपं आहे, माझे बहुतेक वेळा दोन्ही असतात. दोन : पुढचा पाय टेकताना गुडघा सरळ हवा. हा नियम ज्यांचे गुडघे वाकतात त्यांच्यासाठी आहे.

१२ ऑक्टोबर
स्पर्धकांची यादी आली. आमच्या गटात तिघी. एक जपानची, एक श्रीलंकेची, एक मी. पदकं तीन! शेवटपर्यंत चालले की कांस्य माझंच. आणि नाही तरी शेवटपर्यंत चालायचंच आहे.
आज सराव नाही. एवढ्या बातमीनंतर शरीराला विश्रांती लागते.

२५ ऑक्टोबर
फ्लेक्सवाला हेमराज आला. गावातून पहिल्यांदाच कोणी इंडियाच्या टीममध्ये गेलं, फ्लेक्स त लावाच लागन, म्हणाला. मी म्हटलं, परत आल्यावर. तो म्हणाला, तेव्हा निवडणूक, छपाईचं मशीन उमेदवारांत गुंतेल. ‘तिघीजनी अन् मेडल बी तीन. मंग थांबाचं कायले? आत्ताच छापून घेऊ.’
मुलगा तर्कशुद्ध आहे.
प्रूफ मी स्वतः तपासलं. ‘आशियाई कांस्यपदक विजेत्या श्रीमती पुष्पलता हटवार मॅडम यांचे हार्दिक अभिनंदन.’ एकही चूक नाही. खाली सात भावी नगरसेवक, प्रत्येकाचा फोटो माझ्याहून मोठा. माझा चेहरा पोस्टातल्या निरोप समारंभातला. त्याखालचं शरीर त्याने कुठल्याशा परदेशी बाईचं जोडलंय. पाय गोरे आहेत. मी हरकत घेणार होते, पण चाल अचूक होती, गुडघे अगदी सरळ. माझे नसतील, पण माझ्यासारखे आहेत.

२ नोव्हेंबर
पाळीच्या टोकापर्यंत जाऊन आले. परत येताना पुंडलिकरावांच्या नातवाची मोटरसायकल दिसली. मुलाला वाईट वाटू नये म्हणून बसले.

१० नोव्हेंबर, कोईम्बतूर
अंगात निळी जर्सी, पाठीवर इंडिया. आरशात पाठमोरी उभी राहून बराच वेळ पाहिलं. पोस्टात एवढी वर्षं काढली, पाठीकडून कुणी कधी ओळखलं नव्हतं.
भुपेंद्र रजा काढून आला. न बोलावता. पाण्याची बाटली, गुडघ्याचा पट्टा, मलम. मी म्हटलं, मी काय दवाखान्यात आले आहे? पट्टा घातला. रंग जर्सीला जुळत होता.
जपानची बाई चौऱ्याहत्तर वर्षांची. कमरेत वाकून नमस्कार केला. मीही वाकले. सरळ व्हायला मला जरा वेळ लागला, तोवर ती पुन्हा वाकली. इंग्रजी तिला अजिबात येत नाही. कॉन्व्हेंटचं शिक्षण वाया.

११ नोव्हेंबर
पहिल्या फेरीत पंचाने पिवळी पाटी दाखवली. तिच्यावर वाकलेल्या गुडघ्याची खूण. मी मान डोलावली. सूचना स्वीकारणं हे सभ्यपणाचं लक्षण आहे.
दुसऱ्या फेरीत जपान माझ्या पुढे गेली. खरं म्हणजे ती आधीच पुढे होती, पुन्हा गेली.
कठड्याला धरून भुपेंद्र ओरडत होता, ‘आई, गुडघा! गुडघा सरळ!’ स्टेडियमभर. त्याच्या लहानपणी मी त्याला शुद्धलेखनावरून असंच ओरडायचे. मी ऐकलं नाही असं दाखवलं. गुडघ्याने खरंच ऐकलं नाही.
चौथ्या फेरीत लाल पाटी. तीन पंचांनी लिहून दिलं होतं म्हणे. एक मुलगी येऊन माझा हात धरून बाहेर नेऊ लागली. मी तिला शुद्ध इंग्रजीत सांगितलं की ज्या गुडघ्यावर मी सत्तर वर्षं उभी आहे त्याबद्दल परक्या माणसांनी मत देऊ नये. ती ‘येस आंटी’ म्हणाली आणि खुर्ची आणली.
श्रीलंकेची बाई पोहोचली. कांस्य कोणालाच मिळालं नाही. बरं झालं. माझं होतं ते दुसऱ्या कोणाला गेलं नाही.
उरलेलं अंतर स्टेडियमबाहेर चालून पुरं करणार होते. रिक्षा मिळाली.

११ नोव्हेंबर, रात्री
मी भांडणाची पूर्ण तयारी केली होती. भुपेंद्र मलम चोळत बसला. मग म्हणाला, ‘तू चालली असतीस ना, तर मी खरंच पुण्याचं नाव काढलं नसतं.’
मलम फार झोंबणारं आहे. डोळ्यांना.

१४ नोव्हेंबर
नागपूर स्टेशनवर व्हीलचेअर घेतली ती फक्त सामानासाठी. सामान माझ्या मांडीवर होतं.
पवनीला स्टँडसमोर फ्लेक्स. खाली पंधरा-वीस लोक, बँड, हार. हेमराजला कळवायचं राहून गेलं होतं. मी खोटं बोलले नाही. मी काहीच बोलले नाही. मान पुढे केली, हार पडला. भुपेंद्र गाडीतच बसून राहिला.
पुंडलिकराव म्हणाले, मॅडम, मेडल त दाखवा. मी म्हटलं, सामानात आहे. ते माझ्या गुडघ्याकडे पाहत म्हणाले, ‘हव हव, असन.’ आणि बाकीच्यांना पांगवायला लागले. कंडक्टरकीची सवय.

२० नोव्हेंबर
फ्लेक्स नाहीसा. विरोधकांचं काम समजून मी तक्रारीचा मसुदा लिहायला घेतला. कुंताबाई म्हणाली, पुंडलिकरावांनी काढून नेला. पाऊस येणार आहे, शेतात कापून रचलेल्या धानाच्या ढिगावर, पुंजण्यावर, झाकायला. ‘तुमचा फ्लेक्स लय मजबूत हाय मॅडम, थेंब आत जात नाई.’
जाऊन पाहिलं. पुंजण्यावर मी. पोटावर दोन दगड.
कुंताबाईला विचारलं, मी पुण्याला गेल्यावर तू कुठे काम करशील? म्हणाली, ‘काहून जाता?’ आणि भांडी आपटायला लागली. आज पहिल्यांदा स्वच्छ घासली.

२९ नोव्हेंबर
घराच्या किल्ल्या भुपेंद्रच्या हातात दिल्या. पुण्याला जाते आहे ते कायमची नव्हे. पुणे पवनीपेक्षा उंचावर आहे. मोठमोठे खेळाडू उंचावरच सराव करतात. पुढची स्पर्धा दोन वर्षांनी, तोवर पंचही बदललेले असतील.
टेम्पो भरला आणि पाऊस सुरू झाला. कपाट, पलंग, डिक्शनऱ्यांची पेटी, सगळं उघड्यावर. ड्रायव्हरकडे ताडपत्री नव्हती. पुंडलिकराव भिजत शेतावर गेले आणि पुंजण्यावरचा फ्लेक्स घेऊन आले. मी म्हटलं, अहो, धान? म्हणाले, ‘धान वाळवता येते मॅडम. तुमचं लाकडी सामान फुगन.’
चौघांनी मिळून तो टेम्पोवर बांधला. चेहरा आतल्या बाजूला दुमडला गेला. बाहेर फक्त ते गोरे पाय राहिले.
मला गाडीत चढवायला भुपेंद्र आणि कुंताबाई, दोघं लागली. टेम्पो आमच्या पुढे निघाला, पाळीवरून, सराव करायचे त्याच वाटेने. पाय गेले पुण्याला, गुडघे अगदी सरळ.