भालकीला लावलेला ट्रंक कॉल

अंबरपेठ, हैदराबाद
मंगळवार

प्रिय सरोज,

रविवारी सगळे गेल्यावर मी बराच वेळ त्याच खुर्चीत बसून होते. उजेड बरोबर तोंडावर यावा म्हणून त्या प्राजक्ताने खुर्ची खिडकीकडे वळवली होती, ती परत फिरवायचंही मला सुचलं नाही. मुलगी चांगली आहे. जुन्या टीव्हीच्या काळातल्या गाणाऱ्यांवर फिल्म करते आहे, तिला माझं नाव तू दिलंस आणि माझ्याशेजारी कॅमेऱ्यासमोर बसायलाही हौसेने तयार झालीस. इरकल नेसून आलीस. इंदुताई आज इतक्या गप्प का, असं तुला वाटलं असेल. कॅमेऱ्याला मी कधी भ्याले नाही हे तुला ठाऊक आहे. मला भीती तुझ्या बोलण्याची होती. हे सगळं फोनवर सांगायला घेतलं तर तू मध्येच माझ्या बाजूचं काहीतरी बोलशील आणि मी पुन्हा थांबेन, म्हणून कागद घेतला आहे. तुझ्या लेकीला, हर्षदाला हा वाचता येणार नाही, तिला मराठी अक्षर लावायलाच वेळ लागतो. पण तिला हे तूच वाचून दाखव. तिनेही ऐकायला हवं.

मी टीव्हीवर कशी आले, हे प्राजक्ताने विचारलं तेव्हा मी नेहमीचंच सांगितलं. अठ्ठ्याहत्तर साल, काळा-पांढरा पडदा, दिव्यांची अशी धग की पावडर ओघळायची, आणि पांढरी साडी नेसायची नाही, पडद्यावर चकाकते. इंदुमती सावरगावकर हे नाव निर्मात्याला लांबलचक वाटलं, म्हणून मी प्रियदर्शिनी झाले. केस कापले, बेलबॉटम घातली, आणि हैदराबादच्या डबल डेकर बसवरचं ते दखनी गाणं गिटार आणि बोंगोवर म्हटलं. दुसऱ्या दिवशी सुलतान बाजारात बांगडीवाल्याने दुकानातून हाक मारली, "ओ डबल डेकर!" हे ऐकून तुम्ही सगळे हसलात. आमच्या घरात काय झालं ते मात्र मी तिला सांगितलं नाही. आमचे बाबा वकील, तीन पिढ्या हायकोर्टात. माझं गाणं लागलं की शेजारपाजारचे आमच्या बैठकीत गर्दी करायचे आणि बाबा केसची फाइल घेऊन व्हरांड्यात जाऊन बसायचे. त्या पहिल्या गाण्यापासून ते माझ्याशी बोलले नाहीत. काही सांगायचं असलं तर आईला सांगायचे, "तिला म्हणावं, दार लावून घे." मी समोर उभी असायचे. अशी साडेआठ वर्षं गेली. मुंबईच्या कंपनीने माझ्या दोन कॅसेट काढल्या, रंगीत टीव्ही आला, रिक्षावाले मला ओळखायला लागले. बाबांच्या तोंडून मात्र माझं नाव निघालं नाही.

दत्तोबा माझ्याकडे पहिल्यापासून बोंगो वाजवायचा. दिवसा तो मलकपेठला रेसकोर्सवर घोड्यांच्या खुराकाचं बघायचा आणि संध्याकाळी हात धुऊन तालमीला यायचा, तरी बोटांना हरभऱ्याचा वास असायचा. तुझा सख्खा मामा. तुझी थोरली बहीण त्रिवेणी सुट्टीत त्याच्याकडे यायची, तिथेच तिने मला टीव्हीवर पाहिलं. मग तो भालकीला जाताना माझी कॅसेट घेऊन जायला लागला. पोरगी हुबेहूब म्हणते, बाई, असं मला कौतुकाने सांगायचा. मी हसायचे. तेव्हा गावोगावच्या पोरी माझं गाणं हुबेहूब म्हणत होत्या.

श्याऐंशीच्या डिसेंबरात त्रिवेणी आली ती तुझ्या आईने गुपचूप बसमध्ये बसवून दिली म्हणून. तू दहा वर्षांची होतीस, तुला इतकंच आठवतं की सकाळी ताईचं अंथरूण रिकामं होतं. तुझ्या वडिलांनी, हिम्मतरावांनी तिचं लग्न ठरवलं होतं. उदगीरकडचा बिजवर, बत्तीस वर्षांचा, जमीन भरपूर. त्रिवेणी सतरा वर्षांची होती. गौलीगुड्याच्या बस स्टँडवर दत्तोबाने तिला उतरवून घेतलं आणि स्वतःच्या घरी न नेता आमच्याकडे आणलं, कारण तुझे वडील आधी त्याचंच दार ठोठावणार होते. "बाई, चार-आठ दिवस ठेवा," तो म्हणाला, "तोवर मी दाजींना समजावतो. कुणापाशी बोलू नका. तिच्या आईलासुद्धा मी नेमकी जागा सांगितली नाही." मी हो म्हटलं. खरंच मनापासून म्हटलं.

ती आमच्याकडे पाच दिवस होती. तुला तिच्याबद्दल मी कितीदा सांगितलं आहे, तिने आईला कारळाची चटणी कशी शिकवली, स्टुडिओतल्या दिव्यांनी डोळे दुखतात का म्हणून दहादा कसं विचारलं. एक सांगायचं राहिलं. तिसऱ्या दिवशी मी तालीम करत असताना ती दारात उभी राहून ऐकत होती, आणि मग बिचकत म्हणाली, "ताई, दुसऱ्या कडव्यात तुम्ही श्वास चुकीच्या जागी घेता. म्हणून शेवटचा शब्द बसून जातो." तिने म्हणून दाखवलं. बरोबर होतं तिचं. दत्तोबाचे हात बोंगोवर तसेच राहिले आणि आम्ही तिघंही हसलो.

रविवारी तू कॅमेऱ्यासमोर म्हणालीस, "इंदुताईंनी माझ्या बहिणीला घरात ठेवून घेतलं, आणि माझ्या सख्ख्या मामाने वडिलांना पत्ता दिला. अडतीस वर्षं झाली, मी त्या माणसाचं तोंड पाहिलं नाही." आणि माझा हात हातात घेतलास. प्राजक्ताचे डोळे भरून आले. मी हात तुझ्या हातात तसाच राहू दिला.

सरोज, पत्ता दत्तोबाने दिला नाही. मी दिला.

चौथ्या दिवशी सकाळी बाबांनी मला हाक मारली. "इंदू, इकडे ये." मी स्वयंपाकघरातून अशी धावले की हातातलं पीठही झटकलं नाही. त्यांनी मला समोरच्या खुर्चीवर बसवलं, अशिलाला बसवतात तसं, आणि शांतपणे सांगितलं की मुलगी अल्पवयीन आहे, बापाच्या ताब्यातून पळालेली आहे, उद्या फिर्याद झाली तर अपहरणाचं कलम लागेल, आणि वर्तमानपत्रात त्यांचं नव्हे, प्रियदर्शिनीचं नाव येईल. नववर्षाच्या कार्यक्रमाचं शूटिंग दोन दिवसांवर आलं होतं. "वडिलांना कळवणं हाच सरळ मार्ग आहे," ते म्हणाले. मग म्हणाले, "तू समजूतदार आहेस." मी घाबरले होते, हे खरं. कार्यक्रम हातचा जाईल असं वाटलं, हेही खरं. पण या दोन्हींपेक्षा खरं असं की साडेआठ वर्षांनी बाबा माझ्याशी बोलले होते, आणि मला ते बोलणं थांबायला नको होतं. मी भालकीला ट्रंक कॉल लावला. तुझे वडील ज्या आडत दुकानात बसायचे त्याचा नंबर त्रिवेणीच्याच वहीत होता. लाइन लागायला तास-दीड तास गेला. त्या वेळात ती मागच्या अंगणात आईबरोबर पापड वाळत घालत होती, मला खिडकीतून दिसत होती. मला फोन ठेवून देता आला असता. लाइन लागली तेव्हा मी हिम्मतरावांना पत्ता सांगितला, पोरीला मारू नका म्हणून सांगितलं, आणि माझं नाव कुठे घेऊ नका असंही सांगितलं. ही शेवटची गोष्ट त्यांनी मरेपर्यंत पाळली.

दुसऱ्या दिवशी दुपारी ते दोन माणसं घेऊन जीपने आले. आरडाओरडा झाला नाही. माझी एक सुती साडी तिच्या अंगावर होती, ती तिने बदलली, घडी घालून खाटेवर ठेवली. निघताना मला विचारलं, "ताई, यांना कसं कळलं?" मी म्हटलं, "माहीत नाही गं." ती वाकून माझ्या पाया पडली. पौष लागायच्या आत लग्न उरकलं, हे तुला माहीत आहेच. आणि संक्रांतीच्या चार दिवस आधी शेतातल्या विहिरीत काय सापडलं, हेही. पाय घसरला म्हणाले. तुझ्या आईने त्यावर कधी विश्वास ठेवला नाही, मीही नाही.

ती सापडली त्याच संध्याकाळी नुमाइशच्या प्रदर्शनात स्टेजवर माझा कार्यक्रम होता. दत्तोबा तंबूच्या मागे आला, बोंगो नव्हते. त्याने बातमी सांगितली आणि विचारलं, "बाई, दाजींना कुणी कळवलं?" मी त्यालाही म्हटलं, "माहीत नाही." तो माझ्याकडे बघत राहिला, मग मान हलवून निघून गेला. आणि मी गायले. बोंगोशिवाय, दीड तास. लोकांनी डबल डेकर दोनदा म्हणायला लावलं. दुसऱ्या कडव्यात मी श्वास त्रिवेणीने दाखवलेल्या जागी घेतला.

प्राजक्ताला वाटतं, मी ऐन भरात असताना गाणं सोडलं. तूही तिला तेच सांगितलंस, माझ्या बहिणीच्या दुःखाने सोडलं म्हणून. मी सोडलं नाही, सरोज. आणखी तीन वर्षं मिळेल तिथे गायले, साबणाच्या जाहिराती गायले, लग्नाच्या ऑर्केस्ट्रात गायले. मग नव्या मुली आल्या आणि मला बोलावणं बंद झालं. एवढंच. नंतर शाळेत गाणं शिकवायला लागले. बाबा माझ्याशी रोज बोलायचे, जेवण झालं का, पंखा बंद कर. मला ते ऐकवेना.

अठ्ठ्याऐंशीत तुझी आई तुला घेऊन आली. तिने भावाचं नाव टाकलं होतं, पोर त्याच्या भरवशावर पाठवली आणि त्यानेच नवऱ्याला कळवलं, असं तिच्या मनाने घेतलं होतं. हिम्मतरावांनी तो समज मोडला नाही, त्यांना बायकोचं माहेर तुटलेलंच बरं वाटलं असावं. तुझा हात माझ्या हातात देऊन ती म्हणाली, "ताई, माझ्या त्रिवेणीला तुम्ही जागा दिली. हिलाही द्या. हिला मला शिकवायचंय." मी तुला घरात घेतलं. तुझ्या वेण्या घातल्या, तुला बी.एड. करताना पाहिलं, तुझ्या लग्नात तुझ्या आईशेजारी उभी राहिले, हर्षदाला पहिली अंघोळ मी घातली. यातलं किती तुझ्यासाठी केलं आणि किती माझ्यासाठी, हे आता मला निवडता येत नाही. दत्तोबा तुझ्या लग्नाच्या दिवशी मांडवाबाहेर रस्त्यापलीकडे उभा होता. मी त्याला पाहिलं आणि आत निघून गेले.

मागच्या सोमवारी त्याचा मुलगा शिवराज मला न्यायला आला. दत्तोबा आठवडाभर दवाखान्यात होता, फुप्फुसात पाणी झालं होतं. मी त्याला सांगायचं ठरवूनच गेले, पण मी तोंड उघडायच्या आत तोच म्हणाला, "हौ, बाई, मालूम है." पत्ता दोनच घरांना ठाऊक होता, त्याने सांगितलं नव्हतं, म्हणजे उरलं माझं घर. इतका सोपा हिशेब त्याने नुमाइशच्या तंबूमागेच केला होता. मग बोलला का नाहीस, मी विचारलं. तो म्हणाला, "बहीण तर मला सोडूनच गेली होती. मग सरोज तुमच्याकडे आली. मी बोललो असतो तर त्या पोरीचं हेही घर गेलं असतं." थोड्या वेळाने त्याने विचारलं, सरोज येईल का एकदा? मी म्हटलं, आणते. घरी येऊन तुला फोन केला, दत्तोबाचं नाव काढलं, आणि तू म्हणालीस, त्यांचं नाव माझ्यापुढे नको. तेवढ्यावर मी गप्प बसले. तेव्हा एक वाक्य बोलले असते तर तू धावत गेली असतीस. मी बोलले नाही, कारण नंतर तू माझ्याकडे आली नसतीस. गुरुवारी पहाटे तो गेला. रविवारी कॅमेऱ्यासमोर तू त्याचं नाव घेतलंस तेव्हा त्याला जाऊन तीन दिवस झाले होते, आणि मला ते माहीत होतं. प्राजक्ताला मी काल फोन करून फिल्म थांबवायला सांगितली आहे. येत्या शनिवारी सकाळी इथे अंबरपेठच्या स्मशानभूमीत दत्तोबाचा दहावा आहे. शिवराजला अजून काही माहीत नाही, आपल्या बापाने भाचीचा घात केला हेच ऐकत तो वाढला. तू जा. हे पत्र त्याच्या हातात दे, सगळ्यांसमोर वाचलं तरी चालेल, खाली माझं पूर्ण नाव लिहिते आहे. मी तिथे येणार नाही. त्यानंतर माझ्याकडे यायचं की नाही, ते तू ठरव.

तुझीच, असं लिहायचं धैर्य होत नाही,
इंदुमती सावरगावकर