मंगलताई त्यांच्या गाडीतून उतरल्या

औसा, मंगळवार, संध्याकाळ

मुख्याध्यापकांनी माझ्या अंगाला हात लावला तेव्हा "तक्रार कर" म्हणणाऱ्या आमच्या शाळेतल्या ज्येष्ठ शिक्षिका मंगलताईच. चौकशी समितीच्या अध्यक्षही त्याच. आज सकाळी त्या मुख्याध्यापकांच्याच गाडीतून शाळेत आल्या. हसत उतरल्या.

विचारलं तर म्हणाल्या, "वाटेत सर भेटले, मी बसले गाडीत. त्यात काय एवढं? अन् मिटवून घे आता. त्यांनाबी लेकरंबाळं हाईत."

मला नाहीत? हसत उतरल्या, तेच डोळ्यांपुढून जात नाही.

अर्धी रजा टाकून लातूरला शिक्षणाधिकाऱ्यांचं ऑफिस गाठलं. चौकशी दुसऱ्या समितीकडे द्या, असा अर्ज केला.

साहेबांनी विचारलं, "अध्यक्षांवर भरवसा नाही?"

"कालपर्यंत लई होता, साहेब."

त्यांनी अर्ज ठेवून घेतला. ऐकतील का, कोण जाणे.

परतीच्या बसमध्ये मंगलताईंचा फोन आला. आज पहिल्यांदाच मी तो कापला.